पाहुण्यांस भाकरी शिकविण्यापूर्वीं

गेल्या पौष महिन्यांतली गोष्ट. दर्यापूर तालुक्यांतील आमच्या एका सभासद मित्राच्या शेतावर पुण्याचें एक कुटुंब उतरलें होतें. मंडळी चिखलदऱ्यास निघाली होती. वाटेंत एक दिवस खेड्यांत काढावा, आणि वऱ्हाडी जेवण नुसतें जेवून न जातां तें आपल्या हातानें करून पाहावें, अशी त्यांची हौस होती. त्या दिवशीं आम्हीही तेथें होतों. चूल पेटली, काथवट मांडली, आणि त्या शेतावर वर्षानुवर्षें कामास येणाऱ्या एका वृद्ध मावशींनीं पाहुण्यांच्या सूनबाईंस जवळ बसवून ज्वारीची भाकरी शिकविण्यास आरंभ केला. पहिली भाकरी काठाशीं फाटली. दुसरीचे तव्यावर टाकतांना दोन तुकडे झाले. सूनबाई ओशाळल्या व हा आपल्याच हाताचा दोष असें म्हणूं लागल्या. मावशींनीं पिठाची चिमूट बोटांत चोळून पाहिली, जिभेवर ठेविली, आणि त्या म्हणाल्या, "तुमचा हात चांगला हाय, बाई. हे पीठ शिळं हाय. याले कितीबी मळा, काठ फाटनच."

मग ताजें पीठ कोठें मिळेल, असें पाहुण्यांनीं विचारलें. मावशींनीं क्षणभर आमच्या मित्राकडे पाहिलें. "वावरात असन तं घरात येईन नं, दादा."

आमचे मित्र कांहीं बोलले नाहींत. बोलण्यासारखें कांहीं नव्हतेंच. त्यांच्या तीस एकरांत कापूस, सोयाबीन, तूर व हरभरा हीं पिकें होतीं; ज्वारीची एक ओळही नव्हती. अस्सल वऱ्हाडी म्हणून ज्या भाकरीची ओळख पाहुण्यांस करून द्यावयाची, तिचें पीठ तालुक्याच्या दुकानांतून पिशवींत भरून आलें होतें. मित्राची फजिती सांगून हंसावें असा आमचा हेतु नाहीं. आमच्या स्वतःच्या घरीं तरी त्या दिवशीं ज्वारीचें कणीस कोठें होतें? परंतु त्या फाटलेल्या भाकरीनें आमच्या मनांत जो विचार सुरू केला, तो पेरणीच्या आधींच वाचकांपुढें मांडणें आम्हांस अवश्य वाटतें.

प्रवासास निघालेल्या माणसानें परक्या मुलुखांतील चुलीपाशीं बसून तेथील स्वयंपाक शिकावा, ही हौस आज जगभर पसरली आहे. व्हिएतनाम देशांत होइ आन या जुन्या बंदराजवळ त्रा क्वे नांवाचें भाजीपाला पिकविणारें एक खेडें आहे. तेथील जमीन रेताड; शेतकरी जवळच्या नदींतील पाणवनस्पति काढून वाफ्यांत खत म्हणून घालतात, आणि त्यावर तुळस, पुदिना, कांद्याची पात व नाना तऱ्हेचा सुवासिक पाला पिकवितात. तेथें स्वयंपाक शिकावयास आलेल्या पाहुण्याच्या हातीं पहिल्याप्रथम पळी देत नाहींत. खांद्यावर कावड व कावडीच्या दोन्ही टोकांस झाऱ्या घेऊन तो आधीं वाफे शिंपतो, आपल्यापुरता पाला खुडतो, आणि मग चुलीकडे वळतो. तांदुळाच्या पिठांत हळद घालून केलेलें धिरडें, ज्यास तिकडे बान सेओ म्हणतात, तें तो कढईंत पसरतो. तें त्याच पाल्यांत गुंडाळून खातो. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संघटनेनें २०२४ सालीं या खेड्याची गणना जगांतील उत्तम पर्यटनग्रामांत केली. आमच्या वाचकांनीं यांतील एकच गोष्ट ध्यानांत धरावी. तेथें धिरडें विकलें जात नाहीं. वाफ्यापासून कढईपर्यंतची सारी वाट पाहुण्यास चालून दाखविली जाते. मधला एक टप्पा जरी बाजारांतून विकत आणलेला असता, तरी त्या शिक्षणास कवडीचें मोल राहिलें नसतें.

इटली देशानें तर १९८५ सालीं यासंबंधीं स्वतंत्र कायदाच केला. शेतावर पाहुणे ठेवण्याचा धंदा शेतीशीं जोडलेला व तिला पूरक असावा, शेती हीच मुख्य राहावी, असें त्या कायद्याचें तत्त्व होतें. आपल्या महाराष्ट्रांतही हा विषय नवा राहिलेला नाहीं. श्री. पांडुरंग तावरे यांनीं २००५ च्या सुमारास बारामतीकडे कृषिपर्यटनाची चळवळ सुरू केली, आणि २०२० सालीं राज्य सरकारनें कृषिपर्यटनाचें धोरण जाहीर करून शेतकऱ्यांस व त्यांच्या सहकारी संस्थांस नोंदणीचा मार्ग मोकळा केला. पुणें, सातारा, नगर या बाजूंस थंडीच्या दिवसांत हुरड्यासाठीं शहरांतून माणसें लोटतात. मुंबई-पुण्याचें सान्निध्य हें त्याचें उघड कारण आहे.

मग वऱ्हाडांतून कोणी जातच नाहीं काय? शेगांवास श्रीगजानन महाराजांच्या दर्शनास वर्षभर रीघ असते, आणि महाराजांच्या आवडीची म्हणून पिठलें-भाकरी भाविक मोठ्या श्रद्धेनें खातात. मेळघाट हें देशांतील पहिल्या नऊ व्याघ्रप्रकल्पांपैकीं एक असून व्याघ्रप्रकल्पांची योजना १९७३ सालीं सुरू झाली. चिखलदरा व नरनाळा पाहण्यास, तसेंच लोणारचें सरोवर पाहण्यास दूरदूरचे लोक येतात. हे सारे प्रवासी अकोला, अकोट, अंजनगांव, परतवाडा या वाटांनीं आमच्या शेतांच्या कडेनेंच जातात. पण त्यांस वऱ्हाड दिसतें तें मोटारीच्या खिडकींतून. आणि वाटेवरच्या भोजनगृहांत जें दिल्लीस मिळतें तेंच येथेंही पुढें येतें. पाहुणा दाराशीं येऊन परत जातो, यांत दोष त्याचा नाहीं.

आमच्याजवळ शिकविण्यासारखें काय आहे, असें कोणी विचारील. आमचें उत्तर असें कीं, आपल्या घरांतील जें ज्ञान रोजच्या वापरानें आपणांस ज्ञान वाटेनासें झालें आहे, तेंच. ज्वारीची भाकरीच घ्या. गव्हाच्या कणकेंत जें चिवट सत्त्व असतें तें ज्वारींत नाहीं. म्हणून पिठांत कढत पाणी घालावें लागतें, तेणेंकरून पिष्ट फुलून गोळ्यास चिकटी येते. मळावयाचें तें तळहाताच्या मुळानें, रेटून. थापावयाची ती बोटें पसरून, काठाकडे फिरवीत. तव्यावर टाकल्यावर वरच्या अंगास पाणी फिरवावयाचें, तें सुकण्याच्या आंत उलटावयाची, आणि शेवटीं निखाऱ्यापुढें उभी करावयाची म्हणजे पापुद्रा सुटून ती फुगते. पाणी किती कढत, पीठ किती ताजें, निखारा किती निवलेला, हें सांगून समजत नाहीं. कमलाबाई ओगले यांच्या ‘रुचिरा’नें १९७० पासून वाटी-चमच्याचें माप मराठी घरांत रुजविलें, हें तिचें मोठेंच कार्य; परंतु भाकरी वाटीनें मोजतां येत नाहीं. ती हाताजवळ हात नेऊनच शिकावी लागते.

रोडग्यांची गोष्ट याहून मोठी. गव्हाचें जाडसर पीठ, तेलाचें मोहन, मीठ व ओवा घालून घट्ट भिजवावयाचें. लहानमोठ्या पाऱ्यांस तेल लावून त्या एकावर एक रचावयाच्या व मोठ्या पारीनें मिटून गोल उंडा करावयाचा. गोवऱ्यांचा भडका विझून निखारा झाला म्हणजे त्यांत ते भाजावयाचे, आणि मग ऊन राखेंत झांकून आंतपर्यंत शिजूं द्यावयाचे. राख झटकून फोडलेला रोडगा, त्यावर तूप, सोबत वरण आणि वांग्याची भाजी, या जेवणाची थोरवी वऱ्हाडच्या माणसास सांगावयास नको. चांदूर बाजार तालुक्यांत सातपुड्याच्या पायथ्याशीं बहिरमची जत्रा डिसेंबरच्या उत्तरार्धापासून महिनाभराहून अधिक चालते, तिची ख्याति निम्मी तरी रोडग्यांची व हंडींतल्या मटणाचीच आहे. याशिवाय पळसाच्या पानांत भाजलेले पानगे, अंबाडीची भाजी, ज्वारीच्या कण्या, आंबील, सांबारवडी, विस्तवावर भाजलेल्या मिरच्यांचा ठेचा. किती म्हणून सांगावें? एका दिवसांत पाहुण्यास यांतलीं तीन शिकवितां आलीं तरी पुष्कळ झालें.

परंतु येथेंच त्या फाटलेल्या भाकरीपाशीं परत यावें लागतें. रोडग्यास गोवऱ्या पाहिजेत. गोवऱ्यांस शेण पाहिजे. शेणास गुरें पाहिजेत. गुरांस कडबा पाहिजे. आणि कडब्यास ज्वारी. ही सांखळी आमच्या डोळ्यांदेखत तुटली. १९९० नंतर सोयाबीन वाढत गेलें, २००२ पासून बीटी कापूस आला, आणि एके काळीं ज्वारी-कापसाचा म्हणून ओळखला जाणारा हा मुलुख ज्वारीवांचून राहूं लागला. शेतकऱ्यानें ही चूक केली असें आम्ही म्हणत नाहीं. ज्वारीस भाव नव्हता. कापणी-खुडणीस मजूर मिळेना. रानडुकरें व रोही उभें पीक आडवें करूं लागले. स्वस्त धान्याच्या दुकानांत गहूं-तांदूळ मिळूं लागला. हिशेबी माणसानें जें करावयाचें तेंच आपण केलें. पण तो हिशेब करतांना एक रकमेचा विसर पडला. ज्वारीबरोबर कडबा गेला, कडब्याबरोबर गुरें गेलीं, गुरांबरोबर शेणखत गेलें, आणि आतां त्या भाकरीची कसबही जाण्याच्या वाटेवर आहे. मावशींच्या सुनेस भाकरी येते. नातीस येत नाहीं. संयुक्त राष्ट्रांनीं भारताच्याच सूचनेवरून २०२३ हें वर्ष भरडधान्यांचें म्हणून पाळलें. त्या वर्षीं सभा झाल्या, तोरणें लागलीं. तोरणानें काथवटींत पीठ येत नाहीं.

म्हणून आमची पहिली सूचना स्वयंपाकाची नसून पेरणीची आहे. ज्यांस आपल्या शेतावर पाहुण्यांची पाकशाळा चालविण्याची इच्छा असेल त्यांनीं यंदा निदान दहा गुंठे ज्वारी पेरावी. मात्र एकट्यानें पेरूं नये. साऱ्या शिवारांत एकच ज्वारीचा तुकडा असला म्हणजे दहा गांवचीं पांखरें त्यावर येऊन सुगी उरकून घेतात, हा अनुभव आपणांस आहेच. पांच-सात शेजाऱ्यांनीं आपापले दहा-दहा गुंठे एकमेकांस लागून पेरावे, राखण पाळीपाळीनें करावी. अकोल्याचें डॉ. पंजाबराव देशमुख कृषि विद्यापीठ १९६९ पासून आपल्या दाराशीं आहे. त्यानें खास हुरड्यासाठीं ‘पीकेव्ही अश्विनी’ हें वाण दिलेलें आहे. हुरड्यासाठीं तें व भाकरीसाठीं आपल्या जमिनीस मानवणारें दुसरें, असें दोन्ही प्रकारचें बियाणें घ्यावें. बांधावर चार वेली, अंबाडीची एक ओळ, वांग्या-मिरच्यांचे दोन वाफे असावे. पाहुणा भाजी खुडील ती आपल्याच वावरांतली असावी.

आतां या उद्योगावर जे आक्षेप घेतले जातात त्यांचा विचार करूं. पहिला आक्षेप असा कीं, दारीं आलेल्यास जेवूं घालून पैसे घेणें वऱ्हाडच्या शेतकऱ्यास शोभत नाहीं. या भावनेचा आम्हांस आदर आहे, आणि वाट चुकून आलेल्या भुकेल्या माणसापाशीं पैसा मागावा असें कोणीही म्हणणार नाहीं. परंतु जो मुद्दाम शिकावयास येतो, त्यास आपण अन्न विकत नाहीं, विद्या देतों. विद्येस दक्षिणा घेण्यांत कमीपणा असता तर शाळा-कॉलेजांची फी आपण मुकाट्यानें कशी भरली असती?

दुसरा आक्षेप असा कीं, हा सारा देखावा होईल. शहरचीं माणसें येतील, काथवटीपुढें बसून छायाचित्रें काढतील आणि निघून जातील. ही भीति खोटी नाहीं. त्यावर उपाय एकच, तो म्हणजे काम खरें ठेवणें. नऊवारी नेसवून, फेटा बांधून, पाहुण्यास पाटील बनविण्याचे जे खेळ कोठें कोठें चालतात, त्यांपासून दूर राहावें. पाहुण्याच्या हातून भाकरी फाटली तर ती फाटलेलीच त्याच्या ताटांत वाढावी. ज्यास हें चालत नाहीं, त्याच्यासाठीं हमरस्त्यावर भोजनगृहें आहेत.

तिसरी गोष्ट आक्षेपाची नव्हे, सावधगिरीची. हा उद्योग शेतीचें दुखणें बरें करील असें कोणी सांगूं लागल्यास त्यावर विश्वास ठेवूं नये. या मुलुखांत शेतकऱ्यांनीं कर्जापायीं आपले प्राण दिले आहेत. तेथें नव्या कर्जाची वाट दाखविणें हें पाप आहे. आपण साधा हिशेब मांडूं. समजा, एका दिवशीं सहा पाहुणे आले व प्रत्येकानें ६०० रुपये दिले. एकूण ३६०० रुपये. धान्य, डाळ, भाजी, तेल-तूप यांचे ९०० धरा. शिकविणाऱ्या मावशींस १०००, त्यांच्या मदतनीस बाईस ५००, सरपण, पाणी व स्वच्छता यांस ३००. खर्च झाला २७००; मालकाच्या हातीं राहिले ९००. थंडीच्या हंगामांत असे दहा दिवस मिळाले तर मालकास ९००० रुपये होतील. एवढ्यांत मुलांच्या वह्यापुस्तकांचा खर्च निघेल, कर्ज फिटणार नाहीं. आणि याच आशेवर कोणी पांच लाख रुपये दहा टक्के व्याजानें काढून खोल्या बांधल्या, तर वर्षाचें व्याजच ५०,००० होतें. तेव्हां आहे त्या पडवींत, आहे त्या चुलीवर आरंभ करावा. विटा पुढें, पाहुणे आधीं.

वरील हिशेब वाचून कांहीं वाचकांच्या कपाळास आठी पडली असेल. शेत मालकाचें, घर मालकाचें, आणि दिवसाकाठीं मावशींस हजार व मालकास नऊशें, हा कोणता न्याय? आमच्या मतें सारा प्रश्न येथेंच आहे. पाहुणा पुण्याहून येतो तो आपला सातबारा पाहण्यास नव्हे. तो जें शिकावयास आला तें मालकास येत नाहीं. त्या दिवशीं पडवींत बसलेल्या आम्हां चौघां पुरुषांपैकीं एकासही भाकरी थापतां येत नव्हती. तें ज्ञान आपल्या घरांतील बायकांपाशीं आहे, आणि पुष्कळदां त्याहूनही अधिक आपल्या शेतावर निंदण-वेचणीस येणाऱ्या बायकांपाशीं आहे, ज्यांच्या घरीं ज्वारीवांचून दुसरें धान्य शिजतच नसे. या कामाबद्दल त्यांस रोजची मजुरी देऊन वाटेस लावणें म्हणजे गुरुजींस हमालाच्या दरानें पगार देणें होय. घरची गृहिणी शिकवीत असेल तर तिचा वाटाही तिच्याच हातीं, तिच्याच खात्यांत पडला पाहिजे. नाहीं तर पाहुण्यांच्या निमित्तानें तिच्या पाठीवर दुसरें एक ओझें लादलें, एवढाच या उद्योगाचा अर्थ होईल. आणि ज्या बाईच्या हातची भाकरी पाहुण्यांस चालते, तिनें आपल्या स्वयंपाकघराच्या उंबऱ्याबाहेरच बसावें, असा ज्या घरचा रिवाज असेल, त्या घरानें आधीं तो रिवाज मोडावा आणि मग पाहुण्यांस पत्र लिहावें.

कांहीं व्यावहारिक गोष्टी थोडक्यांत सांगतों. खारपाणपट्ट्यांत विहिरीचें पाणी तोंडांत धरवत नाहीं. तेव्हां पिण्याचें व स्वयंपाकाचें गोडें पाणी आधीं भरून ठेवावें. स्वच्छ शौचकूप, हात धुण्यास साबण व धूर जाण्यास वाट असल्याशिवाय एकही पाहुणा बोलावूं नये. एका वेळीं सहा-आठांहून अधिक माणसें घेऊं नयेत, कारण एका मावशींस त्याहून अधिक हातांकडे पाहतां येत नाहीं. पीठ आदल्या दिवशीं दळावें. पाहुण्यांपैकीं मुलांस गिरणीवर घेऊन जावें, त्यांस त्याची मोठी मौज वाटते. कापूस वेचणीच्या ऐन गर्दींत पाहुणे घेऊं नयेत. शेतीचें काम अडवून चाललेलें आतिथ्य फार दिवस टिकत नाहीं. आणि एकेकट्यानें धडपडण्यापेक्षां गांवोगांवच्या चार-पांच घरांनीं मिळून पाळी बांधावी. नोंदणी, भाव व नियम एकच ठेवावे, म्हणजे शेजाऱ्या-शेजाऱ्यांत भाव पाडण्याची चढाओढ लागणार नाहीं. आमच्या संघानें यासाठीं एक समिति नेमावी, आणि तिच्यांत निम्म्याहून अधिक बायका असाव्या, अशी आमची सूचना आहे.

आमच्या मित्रांविषयीं एक गोष्ट सांगावयाची राहिली. पाहुणे निघाले तेव्हां सूनबाईंनीं मावशींच्या हातावर कांहीं पैसे ठेविले. मावशींनीं ते घेतले नाहींत, "भाकर जमली नाही, पैसे कायचे?" म्हणाल्या. ती गोष्ट मित्रांच्या मनास फार लागली. परवां त्यांच्याकडे गेलों तेव्हां विहिरीकडच्या तुकड्यांत वखरणी चालली होती. दोन शेजाऱ्यांचे तुकडे त्यास लागूनच तयार होत होते. बियाण्याविषयीं विचारलें, तर म्हणाले, "तें मावशींस विचारून घेतों आहें. त्यांच्या माहेरी एक जुनी ज्वारी अजून आहे म्हणे."

मृग तोंडावर आहे. पुण्याच्या मंडळींचें पुढच्या पौषांत पुन्हा येण्याचें पत्र आलें आहे. वाचकांपैकीं ज्यांस शक्य असेल त्यांनीं तिफण जोडण्यापूर्वीं दहा गुंठ्यांचा विचार करावा, एवढीच विनंति आहे.